भिशी: पेठेतली आणि अपार्टमेंटमधली

प्रश्न: साखर पेठेत आमची भिशी वर्षानुवर्षं चालली, एक रुपया बुडाला नाही. जुळे सोलापुरात अपार्टमेंटमध्ये सुरू केली, तर चौथ्याच महिन्यात एका सभासदाने उचल घेऊन फ्लॅट सोडला. माणसं बिघडली का?
– एक वाचक, जुळे सोलापूर

उत्तर: माणसं तीच, तारण गेलं. सोलापूरच्या पूर्व भागातल्या तुमच्या पेठेत माग, विड्यांचं काम आणि घर एकाच गल्लीत; हप्ता चुकला की दुसऱ्या दिवशी नळावर चर्चा. ती लाज हीच हमी होती. अपार्टमेंटमधला भाडेकरू अकरा महिन्यांच्या करारावर राहतो, त्याला कसली लाज? (वर्षभराची भिशी त्याच्या कराराहून लांब, हेही कुणी पाहत नाही.)

म्हणून हमी कागदावर आणा. पहिले चार-पाच नंबर स्वतःचा फ्लॅट असलेल्यांना, भाडेकरूंना शेवटचे. लवकर उचलणारा बुडवू शकतो. शेवटच्या नंबराचा फक्त देत राहतो, त्याच्याकडून धोका नाही. उचल देताना दोन जामीनदारांच्या सह्या वहीतच घ्या, ग्रुपवरचा अंगठा सही नव्हे. आणि जामीनदार नवरा-बायको नकोत, सामान एकाच टेम्पोत जातं.

महिन्याची एकूण रक्कम राज्य सरकारने ठरवलेल्या मर्यादेवर जाऊ देऊ नका. १९८२च्या चिट फंड कायद्यातली सूट २०१९च्या दुरुस्तीनंतर तेवढ्यापुरतीच आहे, आणि एकच माणूस दोन भिश्या चालवत असेल तर बेरीज धरतात.

गेलेल्याचे हप्ते उरलेल्यांत वाटण्याआधी सगळ्यांची बैठक घ्या.