आयएम झाला, पण ग्रँडमास्टर नाही होऊ शकला, तर पुढे काय?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: भाचा एकोणीस वर्षांचा आहे, बुद्धिबळात इंटरनॅशनल मास्टर (आयएम) झालाय, रेटिंग 2430 च्या आसपास अडकलंय, ग्रँडमास्टरचा (जीएमचा) एकही नॉर्म, म्हणजे किताबासाठी लागणारी ठराविक दर्जाची स्पर्धेतली कामगिरी, नाही. घरचे म्हणतात, पुरे झालं, आता सीए कर. आयएमवर थांबलेल्यांचं पुढे होतं तरी काय?

मी बुद्धिबळाच्या वर्तुळात बरीच वर्षं आहे, स्वतः आयएमच्या जवळपासही कधी गेलो नाही. त्यामुळे हे पटापलीकडच्या माणसाचं मत समजा.

आधी घरच्यांसाठी हिशेब. आयएमला कधीतरी 2400 रेटिंग गाठावं लागतं आणि 2450 च्या ताकदीचे नॉर्म मिळवावे लागतात, एकूण किमान 27 डावांचे. जीएमला हेच आकडे 2500 आणि 2600 होतात. कागदावर रेटिंगचा शंभर गुणांचा फरक, पण त्या उंचीवर एकेक गुण घाम काढतो. त्यात नॉर्मसाठी परदेशातल्या स्पर्धा, व्हिसा, राहणं, खाणं. आणि किताबाबरोबर पगार येत नाही, हे घरच्यांचं म्हणणं शंभर टक्के खरं आहे.

आता माणसं. सगळ्यात आधी मार्क द्वोरेत्स्की. हा मॉस्कोचा. 1973 साली त्यानं मॉस्कोची स्पर्धा जिंकली, 1974 च्या सोव्हिएत अजिंक्यपदात पाचव्या क्रमांकावर बरोबरीत आला, 1975 मध्ये नेदरलँड्समधल्या वाइक आन झेची ब गटाची स्पर्धा दीड गुणाच्या फरकानं मारली. त्या काळच्या सोव्हिएत अजिंक्यपदात पाचवा येणं म्हणजे काय, हे आजच्या पोरांना समजावताना मला नेहमी त्रास होतो. जगात इतरत्र कुठेही तो सहज पहिल्या रांगेत बसला असता. 1975 साली तो आयएम झाला आणि त्यानंतर त्यानं खेळण्याऐवजी शिकवायला घेतलं. जीएम किताब कधी घेतलाच नाही. जगातला सगळ्यात तगडा आयएम अशी त्याची ख्याती होती.

आणि शिकवलं कुणाला? व्हॅलेरी चेखोव्ह 1975 साली ज्युनिअर विश्वविजेता, आर्तुर युसुपोव्ह 1977 साली, सर्गेई दोल्मातोव्ह 1978 साली. चार वर्षांत तीन ज्युनिअर विश्वविजेते, तिघेही एकाच माणसाच्या हाताखालचे! युसुपोव्ह पुढे कँडिडेट्सच्या, म्हणजे विश्वविजेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या स्पर्धेच्या, उपांत्य फेरीपर्यंत पोचला. द्वोरेत्स्कीची पद्धत साधी आणि निर्दय होती. विद्यार्थ्याच्या हरलेल्या डावांतून त्याची नेमकी कच्ची बाजू शोधायची आणि तिच्यावरच्या पोझिशन्स त्याच्यापुढे टाकत राहायच्या. अशा निवडक पोझिशन्सचा त्याच्याकडे मोठा साठा होता. एंडगेमवरचं (डावाच्या शेवटच्या टप्प्यावरचं) त्याचं जाडजूड पुस्तक आजही ग्रँडमास्टर होऊ पाहणाऱ्या पोरांच्या पिशवीत असतं, निम्मं वाचून सोडलेलं. 2016 साली तो गेला.

दुसरा माणूस मला फार आवडतो, डेव्हिड लेव्ही. 1968 साली एडिंबरोला कृत्रिम बुद्धिमत्तेची परिषद होती. तिथं या स्कॉटिश अजिंक्यवीरानं जॉन मॅकार्थी आणि डोनाल्ड मिची या संगणकशास्त्रज्ञांशी पैज लावली की पुढच्या दहा वर्षांत एकही संगणक मला सामन्यात हरवणार नाही. आयएम किताब त्याला पुढच्या वर्षी मिळाला. पैजेत आणखी लोक सामील होत गेले आणि रक्कम 1250 पौंडांवर गेली. 1978 मध्ये मुदत संपत आली असताना टोरोंटोत त्यानं त्या वेळच्या सर्वोत्तम प्रोग्रॅमला, चेस 4.7 ला, साडेतीन विरुद्ध दीड असं हरवलं. संगणकाला हाणामारीच्या डावात ओढायचं नाही, काहीच न करता शांत बसायचं आणि त्याला स्वतःच घाण करू द्यायची, असा त्याचा खाक्या. पुढे 1989 साली डीप थॉट या संगणकानं त्याला चारही डावांत लोळवलं, पण तोवर त्याचं आयुष्य संगणक-बुद्धिबळातच गुंतलं होतं. यातला एकही टप्पा जीएम नसल्यामुळे अडला नाही.

आपल्याकडे मॅन्युएल आरोन. 1961 साली भारताचा पहिला आयएम, बुद्धिबळातला पहिला अर्जुन पुरस्कारही त्याचाच. राष्ट्रीय अजिंक्यपद नऊ वेळा. 1962 च्या स्टॉकहोम इंटरझोनलमध्ये (विश्वविजेतेपदाची एक पात्रता स्पर्धा) तो तळाला राहिला, पण त्याच स्पर्धेत त्यानं पोर्तिश आणि उलमान या दोन तगड्या ग्रँडमास्टरना पाडलं. माझ्या मते मात्र त्याचं सगळ्यात मोठं काम पटाबाहेरचं. 1972 मध्ये मद्रासच्या सोव्हिएत सांस्कृतिक केंद्रात ताल चेस क्लब सुरू झाला, त्यात आरोनचा पुढाकार होता. लहानपणी विश्वनाथन आनंद तिथंच खेळायचा. भारताला पहिला ग्रँडमास्टर मिळायला 1988 उजाडलं, पण त्याआधीची मशागत या आयएमनं केलेली.

मराठी घरातलं उदाहरण हवं असेल तर खाडिलकर भगिनी आहेतच. वासंती, जयश्री, रोहिणी. महिलांच्या राष्ट्रीय स्पर्धा सुरू झाल्यावर पहिली दहा वर्षं किताब याच घरात फिरत राहिला. जयश्री आणि रोहिणी वुमन इंटरनॅशनल मास्टर झाल्या (हा किताब आयएमपेक्षा खालच्या रेटिंगचा, गल्लत नको), रोहिणी 1981 साली आशियाई विजेतीही. पुढे दोघी वडिलांच्या वाटेनं वृत्तपत्रात गेल्या.

कुणी तुम्हाला दिव्या देशमुखचं नाव सांगेल. नागपूरची ही मुलगी 2025 च्या जुलैत जॉर्जियातल्या बातुमीला गेली तेव्हा तुमच्या भाच्यासारखीच होती: एकोणीस वर्षांची, आयएम, जीएमचा एकही नॉर्म नाही. महिला विश्वचषक जिंकून ती थेट ग्रँडमास्टर झाली. आनंदाची गोष्ट आहेच, पण तो दरवाजा त्या स्पर्धेच्या विजेतीसाठी आहे. त्यावर भाच्याचं नियोजन करू नका.

त्यापेक्षा घरच्यांना सागर शाहचं नाव सांगा, कारण तो सीएसुद्धा आहे आणि आयएमसुद्धा. मुंबईच्या या माणसानं पत्नी अमृता मोकळ हिच्यासोबत चेसबेस इंडिया उभं केलं. आज देशातल्या कुठल्याही मोठ्या स्पर्धेच्या बातम्या, मुलाखती, व्हिडिओ पाहायचे तर लोक आधी तिथं जातात. सीए की बुद्धिबळ, हा तुमच्या घरातला वाद त्याच्या बाबतीत तरी असा सुटला.

माझं मत विचाराल तर भाच्यानं सीएची परीक्षा द्यावी आणि आठवड्यातून दोन दिवस लहान मुलांना शिकवावं. शिकवण्यात हात बसतो का, हे त्यातून लगेच कळेल, आणि खर्चालाही हातभार लागेल. चांगल्या आयएम कोचला आज काम कमी नाही. एक नियम लक्षात ठेवा: किताब आयुष्यभराचा असतो, मिळालेला नॉर्म वाया जात नाही, आणि 2500 ला एकदा स्पर्श झाला की पुरे, नंतर रेटिंग घसरलं तरी चालतं. म्हणजे आत्ता दोन-तीन वर्षं अभ्यासाला दिली आणि पंचविशीत पुन्हा नॉर्मच्या मागे लागला, तरी फिडे (जागतिक बुद्धिबळ संघटना) त्याला अडवत नाही. फक्त त्या वर्षांत वर्षाकाठी दोन-तीन तरी रेटेड स्पर्धा त्याला खेळू द्या. पूर्ण बंद केलं की परत पटावर बसताना हात कापतो, हे मी बऱ्याच जणांचं पाहिलंय.