धुऱ्यावरचं भांडण आणि एकत्र जागल: महायुद्धातल्या हेरगिरीबद्दल वाचकांचे प्रश्न

प्रश्न (दारव्हा): ब्रिटन आणि सोव्हिएत संघाचा एकमेकांवर विश्वास नव्हता, मग हेरगिरीत ते एकत्र कसे आले?

धुऱ्यावरून कोर्टात गेलेले दोन शेतकरीसुद्धा पिकात रानडुकरं शिरली की मिळून जागल करतात. जून 1941 मध्ये जर्मनीनं रशियावर हल्ला केला आणि सप्टेंबरमध्येच ब्रिटनची एसओई (शत्रूच्या मुलखात घातपात घडवणारी गुप्त संघटना) व रशियाची एनकेव्हीडी (गुप्त पोलीस व हेरखातं) यांचा करार झाला. माणसं रशियाची, विमान ब्रिटनचं. हेरांना जर्मनांच्या ताब्यातल्या मुलखात पॅराशूटनं रात्री उतरवायला चांदणं लागे. ढग आले की पुढच्या पौर्णिमेपर्यंत थांबणं आलं. या खोळंब्यातून कुरबुरी वाढल्या.

प्रश्न (मेहकर): बातमी द्यायची, पण ती कुठून मिळाली हे लपवायचं, ते कसं?

खरं कसब इथंच होतं. ब्लेचली पार्कमध्ये, म्हणजे ब्रिटनच्या संदेश उलगडणाऱ्या केंद्रात, उलगडलेला जर्मन गुप्त संदेश मॉस्कोला जसाच्या तसा जात नसे. आधी शब्द आणि वाक्यांचा क्रम बदलायचा. नाहीतर मजकूर शत्रूच्या हाती लागला, तर आपला नेमका कोणता संदेश फुटला हे त्याला लगेच कळेल. मग एखाद्या हेरालाही कळू शकेल एवढाच तपशील ठेवायचा, आणि ‘विश्वसनीय सूत्र’ म्हणून मॉस्कोतल्या ब्रिटिश लष्करी मिशनमार्फत पोचवायचा. एप्रिल 1943 च्या अखेरीस रशियातल्या कुर्स्कवर जर्मन हल्ला होणार हा इशारा असाच गेला. पण गोम अशी की, सूत्र न सांगता दिलेली बातमी घेणाऱ्याला पटत नाही. ब्लेचलीतला जॉन केर्नक्रॉस मात्र मूळ उलगडेच गुपचूप रशियाला देत होता.

प्रश्न (वरुड): यात भारताचा संबंध होता का?

होता, आणि फार जवळचा. जानेवारी 1941 मध्ये सुभाषबाबूंना पेशावरहून काबूलला पोचवणारे भगतराम तलवार (तेव्हाचं नाव ‘रहमत खान’) जर्मनांचे हेर होते. रशियावर हल्ला होताच ते मनानं कम्युनिस्ट असल्यानं रशियाकडे वळले. 1942 मध्ये रशियानं त्यांची माहिती ब्रिटिशांना दिली. दिल्लीत ब्रिटिश अधिकारी पीटर फ्लेमिंग खोट्या बातम्या रचत आणि ‘सिल्व्हर’ या सांकेतिक नावाचे तलवार त्या काबूलच्या जर्मनांपर्यंत नेत. जर्मनांनी त्यांना वायरलेस संच दिला, वर आयर्न क्रॉस पदकही.

प्रश्न (आर्वी): दोस्त एकमेकांवरही पाळत ठेवत होते का?

हो. फेब्रुवारी 1943 पासून अमेरिकी लष्कर सोव्हिएत गुप्त तारा (टेलिग्राम) उलगडण्याच्या मागे लागलं होतं. संदेशाचे आधी आकडे करत; त्यांत मिळवायच्या गुप्त आकड्यांची पानं एकदाच वापरायची असतात. 1942 च्या सुरुवातीला त्यातली काही दोनदा छापली गेली. तेच पान वापरलेले दोन संदेश हातचा न घेता एकमेकांतून वजा केले, की गुप्त आकडे गळून पडतात आणि उरलेल्या फरकावर डोकं चालवता येतं.