बांगड्याचे तिरफळ घातलेले कालवण: रस का फुटतो, मासा का तुटतो

आपण विचारले आहे की घरी केलेल्या बांगड्याच्या कालवणाचा रस फुटतो, पळी लागताच मासा तुटतो आणि मालवणकडच्या खानावळीत मिळते तशी दाट, भरदार चव येत नाही. आपण दिलेली कृती मी नीट वाचली. साहित्यात काही चूक नाही, क्रमात आहे. आपण मासा वाटपाबरोबरच गॅसवर ठेवता आणि २० मिनिटे खळखळ उकळू देता. रस पूर्ण शिजल्यावरच त्यात मासा सोडायचा, एवढी एक गोष्ट पाळली तरी आपल्या बहुतेक अडचणी सुटतील.

मटणाचे मांस चिवट तंतूंनी बांधलेले असते आणि ते मऊ पडायला तासभर लागतो. माशाचे मांस पातळ, नाजूक पदरांनी जोडलेले असते आणि ते पदर थोड्याच उष्णतेने विरघळतात. म्हणून बांगड्याच्या तुकड्यांना मंद आचेवर ६ ते ७ मिनिटे पुरतात. त्यापुढे प्रत्येक उकळीबरोबर मासा सुटत जातो आणि आतून कोरडाही पडतो.

चार मध्यम बांगड्यांसाठी अर्ध्या मोठ्या नारळाचे ताजे खोबरे, ८ ते १० बेडगी मिरच्या, एक मोठा चमचा धणे, अर्धा चमचा हळद, चार-पाच मिरे आणि एक लहान चमचा भिजवलेले तांदूळ घ्यावेत. मिरच्या व धणे अर्धा तास कोमट पाण्यात भिजवावेत. वाटप किती बारीक झाले यावर कालवणाचा दाटपणा ठरतो. मिक्सरमध्ये आधी मिरच्या, धणे, मिरे आणि तांदूळ जवळजवळ कोरडेच फिरवावेत, मग खोबरे व हळद घालावी आणि पाणी चमच्याचमच्याने वाढवावे. एकदम वाटीभर पाणी ओतले की खोबरे पात्यांपासून दूर पळते आणि कितीही फिरवले तरी रवाळच राहते. बोटांच्या चिमटीत घेतलेले वाटप गंधासारखे लागले पाहिजे. असे वाटप आणि त्यातल्या तांदळाचा चिकटपणा रसाला धरून ठेवतो. रवाळ वाटप जोरात उकळले की खोबऱ्यातील तेल वेगळे होते, चोथा खाली बसतो, आणि यालाच आपण रस फुटणे म्हणतो.

तिरफळांविषयी थोडे सविस्तर लिहितो, कारण या कालवणाचा प्राण त्यांत आहे. सुकलेले तिरफळ उकललेले असते आणि आत काळी, चकचकीत बी असते. ती काढून टाकावी, उपयोग सालीचा. ८ ते १० तिरफळे थोड्या पाण्यात बत्त्याने हलकेच ठेचावीत आणि त्या पाण्यासकट रसात घालावीत. ती वाटपात बारीक वाटू नयेत, नाहीतर रसाला कडवट चव येते. तिरफळाचा तो जीभ किंचित बधिर करणारा वास बांगडा, तारली, पेडवे अशा तेलकट माशांनाच शोभतो. पापलेटाच्या कालवणात मी ते कधीही घालत नाही, कारण त्या सौम्य माशाची चव त्याखाली दबून जाते.

आता मांडणी. बांगड्याचे कल्ले व आतडी काढून, पोटातला काळा पापुद्रा खरवडून प्रत्येकाचे दोन-तीन तुकडे करावेत; डोकी टाकू नयेत, रसाला अंग त्यांनीच येते. तुकड्यांना मीठ-हळद लावून १५ मिनिटे ठेवावे. पसरट भांड्यात वाटप, दीड-दोन वाट्या पाणी आणि ठेचलेली तिरफळे एकत्र करून मध्यम आचेवर ढवळत एक उकळी आणावी आणि मग मंद आचेवर १० मिनिटे, कच्चा वास जाईपर्यंत शिजवावे. मीठ याच टप्प्यावर चाखून पाहावे. मग चार-पाच आमसुले आणि मासे एका थरात सोडावेत. यानंतर पळी घालायची नाही. फडक्याने भांडे दोन्ही बाजूंनी धरून हलकेच गोल फिरवायचे. माझ्या आईने मला प्रथम हेच शिकवले आणि आजवर माझा एकही तुकडा मोडला नाही. आमसुलाच्या आंबटपणाने हिवसाणही मरते, कारण तो वास देणारे द्रव्य आंबटात बांधले जाऊन हवेत उडत नाही.

आच बंद केल्यावर चमचाभर कच्चे खोबरेल वरून सोडावे आणि झाकण ठेवून अर्धा तास कालवणाला हात लावू नये. या अर्ध्या तासात मीठ, तिखट आणि आंबट माशात उतरते. आपल्याला जी भरदार चव हवी आहे ती इथे तयार होते.

एक गोष्ट मात्र आग्रहाने सांगतो. बांगडा उबेत राहिला की त्यात हिस्टामिन नावाचे द्रव्य तयार होते, अंगावर लाली येते, डोके दुखते, आणि कितीही उकळले तरी ते नष्ट होत नाही. त्यामुळे डोळे भरलेले, कल्ले लाल आणि अंग ताठ असा मासा बर्फातूनच घ्यावा आणि घरी येताच फ्रीजमध्ये ठेवावा. १ जून ते ३१ जुलै या काळात पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक मासेमारी बंद असते, तेव्हा पुण्यात मिळणारा बांगडा बहुधा साठवणीतला किंवा दुरून आलेला असतो. त्या दिवसांत हेच वाटप सुक्या बांगड्यासाठी वापरावे, फक्त तो आधी गरम पाण्यात भिजवून त्याचे मीठ उतरवावे आणि रसात वेगळे मीठ घालू नये.