आततायी, उतावळा की आवेगशील?

देवगडच्या एका ताईंचा प्रश्न आहे. पुतण्याला एडीएचडी (लक्ष टिकवणं, शांत बसणं आणि स्वतःला आवरणं अवघड जाणारा विकार) असल्याचं निदान झालंय, डॉक्टरांच्या कागदावर 'इम्पल्सिव्हिटी' हे लक्षण लिहिलंय. शाळेला मराठीत पत्र द्यायचंय, तर आततायीपणा लिहावं, उतावळेपणा की आवेगशीलता?

ताई, 'आवेगशीलता' लिहा. 'आततायी' तर मुळीच नको. संस्कृतात आततायी म्हणजे धनुष्य ताणून जिवावर उठलेला. आग लावणारा, विष घालणाराही त्यातच मोडतो. मराठीत त्याची धार बोथटली, ठपका मात्र राहिला. लेकराच्या माथी तो कशाला?

'उतावळा' सौम्य आहे. घरात 'उतावळो आसा' म्हणालात तर काही बिघडत नाही. पण उतावळ्याला काहीतरी लवकर हवं असतं. तुम्ही लिहिलंय, हा मुलगा होडी जेटीला टेकायच्या आत उडी मारतो, बाईंचा प्रश्न पुरा होण्याआधी उत्तर देऊन मोकळा होतो. ही नवरदेवाची गुडघ्याला बाशिंग बांधायची घाई नव्हे. मनात आलं की हातून घडलंच, मध्ये थांबणं त्याला जमत नाही.

'आवेश'ही टाळा. त्यात 'विश्' म्हणजे शिरणं हा धातू आहे, म्हणून तर भूतावेश म्हणतात. आपल्याकडे आधीच अशा मुलाला बाहेरचं काहीतरी लागलंय म्हणणारे थोडे नाहीत. 'आवेग' मात्र आतून उसळणारा. नाट्यशास्त्रातल्या तेहेतीस व्यभिचारी भावांत, म्हणजे येत-जात राहणाऱ्या भावांत, तो आहे, आणि गंमत म्हणजे 'चपलता'ही आहे: तिथे चपल म्हणजे विचार न करता मारहाणीवर उतरणारा. आज आपण चपळ म्हणून पाठ थोपटतो!

एक लक्षात असू द्या. आवेगशीलता हे लक्षणाचं नाव आहे, आजाराचं नाही. बायपोलर या मनोविकारातल्या उन्मादात माणूस पैसे उधळतो, तिथेही ती दिसते. बॉर्डरलाइन व्यक्तिमत्त्व विकारातही दिसते. आणि कसलाही आजार नसलेल्या माणसातही असू शकते. एडीएचडीच्या निदानासाठी लक्षणं वयाच्या 12 वर्षांआधीपासूनची आणि घर, शाळा अशा एकाहून अधिक ठिकाणची असावी लागतात. म्हणून पत्रात एडीएचडी आणि आवेगशीलता हे दोन्ही शब्द हवेत, आणि 'स्वभाव' हा शब्द नको:

'त्याला एडीएचडी असून आवेगशीलता हे त्याचं एक लक्षण आहे. तो मध्येच बोलला किंवा जागेवरून उठला तर ते मुद्दाम केलेलं नसतं. कृपया त्याला पुढच्या बाकावर बसवावं आणि सूचना एका वेळी एकच द्यावी.'