होडीच्या टोकावरचा नाच

प्रश्न : नातू ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर गॉगल लावून हात फिरवत बसतो. म्हणतो, ‘आज्जी, हे इंडोनेशियाचं.’ काय खूळ हे? – एक आज्जी, खानापूर

उत्तर : आज्जी, खूळ नवं, खरं मूळ जुनं! सुमात्रातल्या रिआऊ प्रांतात कुआंतान नदीवर ‘पाचू जालुर’ ही लांब होड्यांची शर्यत असते. वल्हेकऱ्यांना चेव यावा म्हणून टोकावर एक पोरगं नाचतं. २०२५ मध्ये अशाच ११ वर्षांच्या पोराचा व्हिडिओ जगभर फिरला. काळे कपडे, गॉगल, चेहरा एकदम थंड. युरोपातल्या फुटबॉलवाल्यांनीही नक्कल केली. मी शहापुरात चहाच्या गाड्यावर पाहिला. चहा निवला माझा. हलत्या होडीवर तोल सांभाळतो की हो तो! तुमच्या नातवाला मात्र ट्रॉली थांबल्यावरच चढू द्या.