अकरा पोरांच्या हायस्कूलात मुलीला घालू का?

प्रश्न : माझी मुलगी गावच्या मराठी शाळेत सातवीला आहे. गाव आमचं कर्नाटकात, बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात, जांबोटीच्या अलीकडं. सरकारी हायस्कूल दोन किलोमीटरवर आहे पण तिथं आठवीला अकराच पोरं, आणि गणिताच्या सरांची जागा वर्षभर रिकामी. नणंद म्हणते बेळगावला इंग्लिश मीडियमला घाल, इथं पोरगी मागं पडणार. यजमान म्हणतात फी कुठनं आणायची. रात्री झोप लागत नाही, काय करू?
– एक आई

उत्तर : ताई, अकरा या आकड्याला भिऊ नका. मी स्वतः हायस्कूलला गणित शिकवलंय, एका वर्गात चौपन्न पोरं होती आणि एकात तेरा, आणि तेराच्या वर्गात कुणाचं कुठं अडलंय ते मला वही न बघता कळायचं, जुलैत चार बाकं रिकामी दिसली की कुणाच्या शेतात रोप लावणी चाललीय तेसुद्धा ठाऊक असायचं आणि पोरं परत आली की मधल्या सुट्टीत बुडालेलं करून घेता यायचं. चौपन्नात ते जमलं नाही, कितीही जीव तोडला तरी.

काळजी करायची ती रिकाम्या जागेची. हेडमास्तरांकडं जाऊन आठवीचं टाइमटेबल बघा, गणिताच्या तासापुढं कुणाचं नाव आहे ते विचारा. कायम शिक्षक मिळेपर्यंत अतिथी शिक्षक नेमता येतो, त्यासाठी तालुक्याच्या बीईओ, म्हणजे गटशिक्षणाधिकाऱ्यांच्या, ऑफिसात अर्ज द्या, एकटीनं नको, सगळ्या पालकांच्या सह्या घेऊन आणि एसडीएमसीचा, म्हणजे शाळेच्या पालक समितीचा, ठराव जोडून, शाळा सुरू व्हायच्या आधीच. आणि पोच घ्या ओ, शिक्का आणि तारीख घातलेली, तोंडी सांगितलेलं कुणाच्या ध्यानात राहत नाही. एवढं करून जूनअखेरपर्यंत कुणी आलंच नाही तर खुशाल जवळच्या दुसऱ्या सरकारी किंवा अनुदानित हायस्कूलला घाला, सरकारी बसला मुलींना तिकीट पडत नाही, 2023च्या जूनपासून शक्ती योजना आहे. गावची शाळा टिकली पाहिजे असं मलाही मनापासून वाटतं, पण ते ओझं तेरा वर्षांच्या पोरीच्या पाठीवर नको.

फीचं म्हणाल तर आणखी एक गोष्ट नणंदेला सांगा. आठवीत एनएमएमएस म्हणून स्कॉलरशिपची परीक्षा असते, पास होऊन यादीत नाव लागलं तर नववीपासून बारावीपर्यंत, म्हणजे आपल्याकडं सेकंड पीयूसीपर्यंत, वर्षाला 12,000 रुपये मिळतात. ती सरकारी आणि अनुदानित शाळेतल्या पोरांनाच, घरचं उत्पन्न साडेतीन लाखाच्या आत पाहिजे आणि सातवीला 55 टक्के. फीवाल्या खाजगी शाळेत घातलं की हा हक्कच जातो.

भाषेचं भ्या मात्र खोटं नाही. एसएसएलसीला, म्हणजे दहावीच्या बोर्डाला, मराठी पहिली भाषा घेतली की तो पेपर 125चा, बाकीचे पाच शंभरचे, पण त्यात कानडी आहेच आणि आपली पोरं बऱ्याचदा तिथंच अडकतात, कारण घरात कानडी नसतं. आठवीपासून रोज अर्धा तास कानडी मोठ्यानं वाचायला लावा, बसच्या पाट्या, रेशनच्या दुकानातला बोर्ड, काहीही. सीमेचं दुखणं आपल्या सगळ्यांचंच, पण पेपरात मार्क सोडून ते बरं होत नाही. आणि पीयूसी सायन्सला सगळं इंग्रजीतनं येतं. माझी एक विद्यार्थिनी वहीचं पान मधोमध दुमडायची, डावीकडं ‘त्वरण’, उजवीकडं ‘ॲक्सिलरेशन’, डावीकडं ‘आम्ल’, उजवीकडं ‘ॲसिड’, रोज पाच शब्द, पावसात बसची वाट बघत छत्रीखाली उभी राहून पाठ करायची. दहावीपर्यंत तशा तीन वह्या भरल्या होत्या तिच्या. तुमच्या मुलीला आजच एक दोनशे पानी आणून द्या.