भितरकनिकाच्या बोट सफरीत मगरी खरंच दिसतात का? कधी आणि कसं जावं?

तुम्ही विचारलंय की डिसेंबर-जानेवारीत ओडिशाला जाताय, सोबत वयस्कर आईवडील आणि शाळकरी मुलगी आहे, तर भितरकनिका या तिथल्या खारफुटीच्या राष्ट्रीय उद्यानासाठी वाट वाकडी करावी का, मगरी नक्की दिसतात का, आणि बोटीत बसणं सुरक्षित आहे का. आधी सरळ उत्तर देतो. जरूर जा. हिवाळ्यात आणि ओहोटीच्या वेळी खाडीत असाल तर मगर दिसण्याची शक्यता फार मोठी आहे. मात्र यातलं 'ओहोटीच्या वेळी' हे बहुतेक लोक विचारातच घेत नाहीत. ते बोट कोणती, मुक्काम कुठे, जेवण काय याची चौकशी करतात आणि पाण्याची वेळ विचारायची राहून जाते. माझ्या मते सगळी सफर त्या एका गोष्टीवर ठरते.

कारण असं. मगरीचं रक्त थंड. शरीर तिशीच्या थोडं वर, म्हणजे ३० ते ३३ अंशांच्या आसपास ठेवायला तिला ऊन लागतं. थंडीत खाडीचं पाणी गार असतं, म्हणून ती ऊन खायला काठावर येते. पण भरतीला पाणी थेट झाडांच्या मुळांपर्यंत चढलेलं असतं, तेव्हा बसायला काठ उरतच नाही. ओहोटी लागली की दोन्ही बाजूंना चिखलाचे उतार उघडे पडतात आणि मगरी एकेक करून वर सरकतात. तीच खाडी, तोच नावाडी, तोच गाईड. भरतीला तुम्हाला पाण्यावर दोन डोळे आणि नाकपुड्या दिसतील, ओहोटीला अख्खं जनावर.

ओहोटीची वेळ रोज साधारण ५० मिनिटांनी पुढे सरकते, त्यामुळे मित्राने मागच्या महिन्यात सांगितलेली वेळ तुमच्या कामाची नाही. जवळच्या धामरा बंदराचं भरती-ओहोटीचं वेळापत्रक इंटरनेटवर सहज मिळतं. आत खाडीत पाणी थोडं उशिरा उतरतं, तेवढा फरक नावाड्याला विचारून घ्या, त्याला तो तोंडपाठ असतो. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला पाणी सगळ्यात खाली जातं आणि चिखल सर्वात जास्त उघडा पडतो, पण तेव्हा अरुंद फाट्यांमध्ये बोट टेकायची भीती असते. भांगाच्या दिवसांत, म्हणजे अष्टमीच्या आसपास, उलट. मला विचाराल तर पाणी निम्मं उतरल्यापासून पुन्हा चढायला लागेपर्यंतचा काळ गाठा, आणि तो सकाळी आठ ते अकराच्या मध्ये पडेल असा दिवस निवडा. सकाळी ऊन आधी पश्चिमेच्या काठावर पडतं, तेव्हा बोटीत त्या बाजूला तोंड करून बसा.

आता ही मगर कोणती ते सांगतो, कारण आपल्याकडच्यांची अपेक्षा वेगळी असते. सांगलीच्या कृष्णेत किंवा चिपळूणला वाशिष्ठीत दिसते ती गोड्या पाण्यातली मगर. भितरकनिकात आहे ती खाऱ्या पाण्यातली, स्थानिक लोक तिला 'बउळा कुंभीर' म्हणतात. जगातल्या जिवंत सरपटणाऱ्या प्राण्यांत ही सर्वात मोठी. मोठा नर पाच मीटरच्या पुढे जातो, मादी बरीच लहान असते. जास्तीचं मीठ बाहेर टाकणाऱ्या ग्रंथी तिच्या जिभेवर असतात, त्यामुळे ती नदी, खाडी आणि समुद्र तिन्हीकडे फिरते. तोंड उघडं टाकून निपचित पडलेली दिसली तर ती तुमच्यावर चिडलेली नाही, डोकं तापू नये म्हणून तसं करते. हे मुलीला आधी सांगून ठेवा, म्हणजे ती न घाबरता नीट बघेल.

आणि तिला हेही सांगा की १९७५ च्या सुमारास इथे या मगरी शंभराच्याही आत उरल्या होत्या. कातड्यासाठी शिकार झाली होती, खारफुटी तोडली गेली होती, मासेमारीच्या जाळ्यांत त्या मरत होत्या. कनिकाच्या राजांचा शिकारीचा मनोरा आजही जंगलात उभा आहे, पायवाटेने तिथे जाता येतं. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकार बंद झाली, पण तेवढ्याने संख्या वाढणार नव्हती. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेचे तज्ज्ञ एच. आर. बस्टर्ड यांच्या मार्गदर्शनाखाली १९७५ मध्ये उद्यानातल्या डांगमळ इथे प्रकल्प सुरू झाला आणि सुधाकर कर यांच्यासारख्या संशोधकांनी त्यात आयुष्यं घातली. जंगलातल्या घरट्यांमधून अंडी आणायची, उबवायची, पिल्लं मोठी करायची आणि मग खाडीत सोडायची, असं काम वर्षानुवर्षं चाललं. हल्लीच्या जानेवारीतल्या गणनांमध्ये आकडा १८०० च्या वर जातो. आपल्या देशात एखादी प्रजाती इतकी पडून पुन्हा उभी राहिल्याची उदाहरणं थोडी आहेत, आणि हे तुम्ही बोटीतून डोळ्यांनी बघू शकता. म्हणून मी या जागेबद्दल इतक्या आग्रहाने लिहितो.

सुरक्षिततेचं म्हणाल तर परवानाधारक बोटीत, लाईफ जॅकेट घालून, हात-पाय आत ठेवून बसलात तर काळजीचं कारण नाही. पाण्यात हात घालणं, काठावर उतरून फोटो काढणं, घाटावर पाय धुणं यातलं काहीही करायचं नाही. मुलीला बोटीच्या मध्यभागी बसवा, तिथूनही सगळं दिसतं. आईवडिलांसाठी खरी अडचण मगरीची नसते, जेट्टीची असते. ओहोटीला बोट खाली गेलेली असते आणि भरतीत बुडणाऱ्या पायऱ्यांवर चिखलाचा थर साचलेला असतो. काठी, पकड असलेली चप्पल आणि हात धरायला दोघं जण, एवढं हवंच. बोटीत स्वच्छतागृह आहे का तेही बुकिंगच्या वेळीच विचारून घ्या, छोट्या बोटींत ते नसतं.

एक गोष्ट मात्र मनापासून सांगतो: 'अजून जवळ घ्या' असं नावाड्याला म्हणू नका. त्याला बक्षिसाची आशा असते आणि पर्यटकाला नाही म्हणणं त्याला जड जातं. बोट फार जवळ गेली की मगर पाण्यात उतरते. तिचं ऊन गेलं, आणि तुमच्या मागच्या बोटीला तिथे नुसता चिखल दिसतो. त्यापेक्षा दुरून इंजिन बंद करायला सांगा आणि बोट पाण्याच्या ओढीबरोबर हळूहळू जाऊ द्या. डिझेल इंजिनाचा आवाज थांबला की खाडीत किती आवाज आहेत ते पहिल्यांदा कळतं. दुर्बीण सोबत ठेवा, भाड्याने मिळेल या भरवशावर राहू नका. ऑस्ट्रेलियात ॲडलेड नदीवर काठीला मांस टांगून मगरींना पाण्याबाहेर उडी मारायला लावणाऱ्या सफरी आहेत. त्यांचे व्हिडिओ बघून कुणी तशी अपेक्षा ठेवत असेल तर इथे तसं काही होत नाही, आणि होऊही नये. माणूस आणि बोट म्हणजे खाणं असं एकदा मगरीच्या डोक्यात बसलं की त्याची किंमत काठावरच्या गावांना मोजावी लागते.

ती किंमत ही गावं आत्ताही मोजताहेत. मगरी वाढल्या तशा नदीकाठी आंघोळीला, कपडे धुवायला, गुरं पाजायला आलेल्या माणसांवरचे हल्लेही होत राहिले, माणसं गेली. घाटांभोवती पाण्यात कुंपण घातलेलं तुम्हाला दिसेल. ते नदीत उतरणाऱ्या बायकांसाठी आणि मुलांसाठी आहे. तुमचा गाईड बहुतेक याच गावांतला असेल. त्याच्याशी यावर बोला. मगरीबद्दलचं त्याचं बोलणं आपल्यासारखं एकांगी नसतं, त्यात भीती आणि माया दोन्ही असतात, आणि सफरीतला तो भाग मला मगरीइतकाच मोलाचा वाटतो. शक्य असेल तर मुक्काम आणि जेवणही गावातल्या लोकांनी चालवलेल्या ठिकाणी करा, म्हणजे मगरीमुळे येणारा पैसा तिचा त्रास सोसणाऱ्यांपर्यंत पोचतो.

आता खारफुटीबद्दल. मगर दिसली की बरेच लोक मोबाइल काढून बसतात आणि उरलेल्या खाडीकडे पाठ फिरवतात. ब्राह्मणी, बैतरणी आणि धामरा या नद्यांच्या मुखाशी वसलेलं हे जंगल सुंदरबनानंतर देशातल्या सर्वात मोठ्या खारफुटींपैकी एक आहे. १९७५ मध्ये ते अभयारण्य झालं, १९९८ मध्ये त्यातल्या गाभ्याला राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला, आणि २००२ मध्ये रामसर यादीत आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा म्हणून नोंद झाली. चिखलातून वर आलेली टोकदार श्वसनमुळं बघा. चिखलात प्राणवायू जवळजवळ नसतो, म्हणून झाड मुळं वर काढून श्वास घेतं. हेंताळ नावाची काटेरी ताडासारखी झुडपं दिसतील, मगरीची मादी पाला आणि चिखल ओढून घरट्याचा ढीग रचते ती अशाच जागी. एका घरट्यात पन्नासेक अंडी असतात आणि पिल्लू नर होणार की मादी हे त्या ढिगातल्या उष्णतेवर ठरतं. साधारण ३२ अंशांच्या आसपास नर जास्त निपजतात, त्याच्या खाली-वर माद्या.

कोकणात राहिलेल्यांना चिखलावर उड्या मारणाऱ्या निवट्या ओळखीच्या असतील, इथेही त्या आहेत. एक नांगी अंगापेक्षा मोठी असलेले खेकडे, काठावर पाणघोरपड, झाडांमागे चितळ. खंड्याच्या आठ जाती इथे नोंदल्या आहेत. तपकिरी पंखांचा खंड्या नीट बघून घ्या, तो आपल्या पश्चिम किनाऱ्यावर सापडत नाही. उद्यानातल्या बगगहन इथे पावसाळ्यात मुग्धबलाक आणि बगळ्यांची मोठी वसाहत भरते, पण डिसेंबरपर्यंत बहुतेक पिल्लं उडून गेलेली असतात, तेव्हा त्यासाठी वेळ राखून ठेवू नका. जवळच्या गहिरमाथ्याच्या समुद्रकिनाऱ्यावर येणारी कासवंही या सफरीत बघायला मिळत नाहीत. त्या किनाऱ्यांवर जाण्यावर बंधनं आहेत आणि ती योग्यच आहेत.

हे जंगल नुसतं बघण्यापुरतं नाही. ऑक्टोबर १९९९ चं महाचक्रीवादळ ओडिशावर आलं तेव्हाच्या केंद्रपाडा जिल्ह्यातल्या गावांचा अभ्यास सौदामिनी दास आणि जेफ्री व्हिन्सेंट यांनी २००९ मध्ये प्रसिद्ध केला. समुद्र आणि गाव यांच्यामध्ये खारफुटीचा पट्टा जितका रुंद, तितके त्या गावात मृत्यू कमी, असं त्यांना आढळलं. मगरीच्या धाकाने इथल्या खाड्यांत माणसाचा वावर कमी राहतो. मगर टिकली म्हणून जंगलालाही आधार मिळाला, असं मला वाटतं.

जाण्याचं थोडक्यात सांगतो. भुवनेश्वरहून गाडीने खोला किंवा गुप्ती या प्रवेशद्वारांपर्यंत यायचं आणि तिथून बोटीने डांगमळ. खोला ते डांगमळ हा खाडीचा टप्पा मगरींसाठी मला सर्वात आवडतो, पाणी अरुंद आहे आणि दोन्ही काठ जवळ राहतात. रेल्वेने येणार असाल तर भद्रकला उतरून चांदबालीला जाता येतं, पण तिथून पाण्यातला प्रवास बराच लांब आहे. वयस्कर माणसांना तो कंटाळवाणा होईल. प्रवेशपत्रासाठी सगळ्यांची ओळखपत्रं लागतात. राहण्यासाठी ओडिशा वनविभागाची निसर्ग शिबिरं आहेत, त्यांचं आरक्षण 'इकोटूर ओडिशा'च्या संकेतस्थळावर होतं आणि डिसेंबरच्या सुट्टीत ती लवकर भरतात.

भुवनेश्वरहून पहाटे निघून रात्री परत, असं एका दिवसात करणारे आहेत. तुम्ही करू नका. चार-एक तास जायला, तेवढेच यायला, आणि मधे ओहोटी गाठेलच याची खात्री नाही. एक रात्र राहिलात तर दोन ओहोट्या हाताशी येतात, आणि दुसऱ्या दिवशी आईवडील डांगमळचं संग्रहालय आणि मगरींचं पालन केंद्र निवांत बघू शकतात, तोवर तुम्ही मुलीला घेऊन मनोऱ्याच्या वाटेवर जाऊन येऊ शकता.

तिकिटं काढण्याआधी एक चौकशी मात्र नक्की करा. मगरींच्या विणीसाठी उद्यान मे ते जुलै बंद असतं हे बऱ्याच जणांना माहीत असतं, पण जानेवारीतही गणनेसाठी काही दिवस पर्यटकांना प्रवेश नसतो. त्या तारखा दरवर्षी जाहीर होतात. तुमची सहल डिसेंबरअखेर ते जानेवारीच्या पहिल्या पंधरवड्यात असेल तर वनविभागाकडून त्या आधी कळवून घ्या आणि मगच विमानाची तारीख पक्की करा.